डीसीएसमध्ये टीमनं उडायचं, तर बोलायचं कशावर: डिस्कॉर्ड की एसआरएस?

आपल्या कोल्हापुरात कुणी नवी जॉइस्टिक घेतली की ग्रुपवर हा प्रश्न येतोच. डीसीएस, म्हणजे लढाऊ विमानं उडवायचा संगणकावरचा खेळ; त्याचं स्वतःचं व्हॉइस चॅट आहे, मम्बल हे बोलायचं ॲपही चांगलं आहे, पण आमच्याकडं वाद शेवटी डिस्कॉर्ड आणि एसआरएस (विमानातल्या रेडिओसारखं बोलायचं सॉफ्टवेअर) या दोघांतच होतो. मी दोन्ही वापरतो.

डिस्कॉर्ड या गप्पांच्या ॲपबद्दल फार सांगायला नको. लिंक टाकली की माणूस आत. लाइट गेली तरी मोबाइलवरून बोलता येतं, स्वयंपाकघरातल्या मिक्सरचा आवाजही बराचसा कापला जातो. वॉर थंडर हा दुसरा खेळ खेळत असाल, किंवा दोघंच उडत असाल, तर याच्या पुढं जायची गरज नाही असं मला वाटतं.

माणसं वाढली की मात्र पंचाईत होते. आम्ही सहा-सातजण कॉकेशसच्या नकाशावर होतो. राजारामपुरीतला गडी हवेतच टँकर विमानातून इंधन घ्यायच्या खटपटीत, तोंडानं अखंड चालू. तेवढ्यात इचलकरंजीचा विंगमन (जोडीनं उडणारा साथीदार) ओरडला, "भावा, ब्रेक लेफ्ट!" आता आमच्यात सगळेच भावा. ज्यांचा संबंध नव्हता ते डावीकडं वळले, आणि मिसाइल ज्याच्या मागं होतं तो सरळच गेला. मग आम्ही कॉलसाइनचा, म्हणजे प्रत्येकाला रेडिओवरच्या वेगळ्या नावानं हाक मारायचा नियम केला, पुश-टू-टॉक (बटण दाबूनच बोलणं) सक्तीचं केलं. थोडा फरक पडला. दोन चॅनल केले, तर एका माणसाला एका वेळी एकाच चॅनलमध्ये बसता येतं. म्हणजे फ्लाइट लीडनं, म्हणजे तुकडीच्या म्होरक्यानं, विंगमनचं ऐकावं, नाहीतर रडार बघणाऱ्या एवॅक्स विमानाचं. त्याला तर दोघंही एकाच वेळी लागतात! माझं मत इथंच फिरलं.

एसआरएस, म्हणजे सिंपलरेडिओ स्टँडअलोन, थेट विमानातल्या रेडिओला जोडलं जातं. हॉर्नेट या लढाऊ विमानात दोन रेडिओ असतात; आम्ही कॉम १ वर एवॅक्स ठेवतो आणि कॉम २ वर आपली चौघांची फ्लाइट. एक डाव्या कानात, दुसरी उजव्या. शब्द कळायच्या आधीच हाक कुठून आली ते कानाला कळतं. टँकरवाल्याची बडबड त्याच्या फ्रिक्वेन्सीवर राहते. सर्व्हरवर तशी सेटिंग असेल तर डोंगराआड खाली उतरल्यावर आवाज तुटतो. काहींना ते छळ वाटतं, मला आवडतं, कारण मग निरोप पोचवायला एकाला वर थांबावं लागतं.

त्रास आहे, नाही म्हणत नाही. सर्व्हर कुणीतरी चालवावा लागतो, राउटरवर ५००२ पोर्ट उघडावं लागतं. विमान अजून चालूच केलेलं नसताना रेडिओला वीज मिळेपर्यंत नवं पोरगं "ऐकू येतंय का?" म्हणत बसतं आणि ते कुणालाच ऐकू जात नाही. फुकटातलं एसयू-२५टी विमान घेऊन येणाऱ्याला कॉकपिटमधून नाही, ओव्हरलेवरून (स्क्रीनवर दिसणाऱ्या एसआरएसच्या छोट्या खिडकीतून) फ्रिक्वेन्सी लावावी लागते.

म्हणून नव्यांना सुरुवातीला डिस्कॉर्डवरच राहू द्यावं. जमायला आणि उतरल्यावर चर्चा करायला आम्ही आजही तिथंच असतो. पण चारच्या वर विमानं असतील, तर माझं ऐकाल तर एसआरएस लावा. आणि दोन्ही रेडिओंची बटणं थ्रॉटलवर (वेगाच्या दांड्यावर) अंगठ्याखाली द्या. कीबोर्डवर ठेवलीत तर जोराच्या वळणात हात पोचत नाही.