जपासाठी माळ घ्यायची तर: तुळस, रुद्राक्ष आणि बोटातलं काउंटर

मीपण गळावं म्हणून जपाला बसायचं आणि महिन्याभरात ‘माझे इतके लाख झाले’ हे तोंडात यायला लागायचं, ही जपातली सगळ्यात सहज घडणारी चूक. म्हणून साताऱ्याच्या पेठेत, सज्जनगडावर आणि गोंदवल्यात मंदिराबाहेर मिळणाऱ्या माळा पारखताना इथे एकच कसोटी लावली आहे: मोजणीचं ओझं हे साधन मनावरून उतरवतं, की मनात नवा आकडा पेरतं?

तुळशीची माळ सगळ्यांत उजवी. मात्र ती ओवली कशी आहे, यावर सगळं आहे. 108 मणी, वर मेरुमणी (माळेच्या जोडावरचा वेगळा मणी) आणि दर दोन मण्यांमध्ये गाठ, अशीच माळ घ्यावी. बिनगाठीची स्वस्त पडते, पण तिचे मणी एकमेकांवर घसरतात, एका नामाला दोन पुढे जातात. बोटांना शंका आली की मन पुन्हा मोजायला धावतं. शिवाय दोरा तुटला तर मणी घरभर; गाठीच्या माळेतून एखादाच सुटतो.

मणी 8 मिमीचा बरा. गाठींसकट अशा माळेचा घेर साधारण एक मीटर भरतो, हातात लोंबती लांबी त्याच्या निम्मी. 6 मिमीची माळ खिशात मावते, पण जाड बोटांना तिचा मणी वेगळा लागत नाही. दोरा सुती, पिळाचा हवा. नायलॉन चिवट दिसतो, पण त्याची गाठ सैल पडते आणि बारीक दोरा मऊ लाकडाचं भोक आतून कातरत जातो. सुती दोरा घामाने कुजतो हे खरं. मेरुमण्याजवळ तो आधी विरतो, कारण माळ उलटताना ताण तिथेच येतो. तिथे धागे सुटलेले दिसले की तुटायची वाट न पाहता पटवेकऱ्याकडून, म्हणजे माळा ओवून देणाऱ्याकडून, माळ गाठवून घ्यावी.

खरी तुळस हलकी असते, मणी अगदी एकसारखे नसतात. काळपट, गुळगुळीत मण्यांची माळ ‘तुळस’ म्हणून दाखवली तर ओल्या पांढऱ्या फडक्यावर घासून बघावी. रंग उतरला तर घेऊ नये.

पंचमुखी रुद्राक्षाची माळ टिकाऊ, पण बोट सोलवटतं आणि खाचांत मळ बसतो, तो मऊ ब्रशने काढावा लागतो. स्फटिक जड. बैठक लांबली की मनगट भरून येतं.

माळ मधल्या बोटावर ठेवून अंगठ्याने मणी आपल्याकडे ओढायचा. तर्जनी लावायची नाही. दुसऱ्याकडे रोखून ‘मी-तू’ करणारं बोट ते, आणि परंपरेने ते बाहेर ठेवलं यात मोठा विवेक आहे. ‘श्रीराम जय राम जय जय राम’ ही तेरा अक्षरं पूर्ण झाल्यावरच मणी सरकवावा. आधी सरकला की जीभ त्याच्यामागे पळते आणि शेवटचा ‘राम’ गिळला जातो. मेरू ओलांडायचा नाही, तिथून माळ उलटवायची. 108 ची माळ हिशेबात 100 धरतात, वरचे आठ अशा गिळलेल्या नामांसाठी. किती माळा झाल्या ते डाव्या हाताच्या पेरांवर ठेवावं. अंगठा सोडून चार बोटांची पेरं बारा होतात, तेवढी पुरतात.

आता बोटातलं काउंटर, म्हणजे बोटात घालून बटण दाबत नाम मोजायचं छोटं यंत्र. एसटीत, चालताना किंवा सांधे आखडलेल्या हाताला त्याची सोय आहे, हे मान्यच करावं लागेल. पण बटण अर्धवट दाबलं तर नाम मोजलं जात नाही, थरथरत्या अंगठ्याने दोनदा मोजलं जातं आणि चुकून रीसेट दाबलं की जीव हळहळतो. ही हळहळच नीट तपासावी. दासबोधात चौथ्या दशकाच्या नवव्या समासात आत्मनिवेदन येतं. तिथे देवाला वाहायचं ते स्वतःलाच, आणि मी कोण हे शोधत गेलं की वाहणारा वेगळा उरत नाही. गोंदवलेकर महाराजांनी (1845–1913) हीच गोष्ट नामातून रुजवली: कर्ता राम, आपण नव्हे. मग पुसला गेलेला आकडा कोणाचा होता? काउंटरचा पडदा दर दाबाला कर्त्याला नवी पावती फाडून देतो. संकल्प केला असेल तर दिवसाच्या शेवटी माळा एकदाच वहीत लिहाव्यात आणि वही मिटावी. रोजच्या जपासाठी काउंटर घेऊ नये, असं आमचं स्पष्ट मत आहे.

काहींना माळही नको. जत तालुक्यातल्या उमदीच्या भाऊसाहेब महाराजांनी (1843–1914) दाखवला तो पिपीलिका मार्ग, मुंगीच्या चालीने नाम आणि ध्यान. त्यांचे शिष्य सिद्धरामेश्वर महाराज (1888–1936) यांचा विहंगम मार्ग, म्हणजे पक्ष्याच्या भरारीचा, ‘मी देह’ ही समजूत थेट विचाराने खोडतो, आणि त्या विचाराला मणी लागत नाहीत. सोऽहंचा (‘तोच मी’) जप तर श्वासावरच चालतो. दिवसाचे 21,600 श्वास हा परंपरेतला हिशेब, म्हणजे मिनिटाला 15. तिथे माळ धरली तर श्वास मण्याच्या तालावर ओढला जातो, छाती भरते, डोकं हलकं होतं. माळ खाली ठेवावी, श्वास आपला आपण चालू द्यावा. नाम मनात स्थिरावून बोटं आपोआप थांबली, तरीही मणी ओढायचा हट्ट धरू नये. जपमाळ गळ्यात घालून मिरवू नये, हेही त्यातच आलं.

गोमुखी, म्हणजे जपताना माळेसकट हात झाकायची कापडी पिशवी, घेताना आत हात घालून बघावी. शिवण उघडी असेल तर गाठी तिच्यात अडकतात, म्हणून अस्तराची घ्यावी, आणि 8 मिमीच्या माळेला आत मूठ मोकळी फिरेल इतकी रुंद. तुळशीची माळ पाण्यात भिजवून उन्हात वाळवली तर मणी तडकतात. कोरड्या सुती फडक्याने पुसली की पुरे.