पळून आलेल्या काउंटेसचं आत्मचरित्र: पीडीएफ फुकट आहे, उतरवून घ्या

हर्मिनिया त्सुर म्यूलेन या ऑस्ट्रियन कादंबरीकार-भाषांतरकार बाईचं हे आत्मचरित्र. नाव 'द एंड अँड द बिगिनिंग'. मूळ जर्मन १९२९ चं. केंब्रिजच्या ओपन बुक पब्लिशर्सने २०१० मध्ये ते इंग्रजीत काढलं आणि पीडीएफ साइटवर चक्क फुकट ठेवली. मी स्वतः पानामागे पैसे घेऊन भाषांतरं करते, त्यामुळे हावरटासारखी उतरवून घेतली.

पण ज्यासाठी घेतली ते तिचं भाषांतराचं काम आत्मचरित्रात जवळजवळ नाहीच. पुस्तक १९१७ च्या रशियन क्रांतीपाशी थांबतं आणि बाईचं खरं काम त्यानंतरचं. जे आहे ते मात्र झकास आहे. १८८३ मध्ये व्हिएन्नात सरदार घराण्यात जन्म, वडील वकिलातीत, बालपण बरंचसं गमुंडेनला आजीकडे. शिक्षिकेची परीक्षा पास झाली, तर घरचे नोकरी करू देईनात! मग एका बाल्टिक जर्मन जमीनदाराशी लग्न आणि आजच्या एस्टोनियातली त्याची जहागीर. स्वतःच्याच वर्गाची ती अशी गालातल्या गालात उडवते की राग यायच्या आधी हसू येतं. पुढे क्षय, दाव्होसचं सॅनेटोरियम, आणि नवऱ्याशी फारकत.

उरलेली कसर याच पुस्तकातल्या लायोनेल गॉसमन यांच्या तिच्यावरच्या लेखाने भरून निघते. माझी पूर्ण दाद त्यालाच. अमेरिकन कादंबरीकार अप्टन सिंक्लेअर जर्मन वाचकांच्या घरी पोचला तो बराचसा हिच्या हातून. इंग्रजी, फ्रेंच, रशियन तिन्हींतून ती भाषांतरं करायची. वर लॉरेन्स एच. डेसबेरी या टोपणनावाने रहस्यकथा. मुलांसाठी लिहिलेल्या कम्युनिस्ट परीकथांना १९२१ मध्ये चित्रं कोणाची, तर जर्मन चित्रकार जॉर्ज ग्रोसची.

१९३३ चा प्रसंग मी दोनदा वाचला. जर्मनीतल्या एंगेलहॉर्न प्रकाशनाने तिला एका निर्वासित लेखकांच्या मासिकाशी संबंध तोडायला सांगितलं. तिने उलट टपाली कळवलं की तिसरं राइश (नाझी राजवट) म्हणजेच जर्मनी हे मला मान्य नाही, आणि नकार दिला. हातातलं काम जाणार हे माहीत असताना! आमच्या धंद्यात एवढी छाती कोणाची असते? मग नाझीविरोधी कादंबरी, तिच्यावर ऑस्ट्रियात बंदी, १९३८ ला ब्रातिस्लाव्हा, तिथून इंग्लंड. १९५१ मध्ये रॅडलेट गावी वारली, तेव्हा जवळ पैसा नव्हता.

तक्रार एकच: व्यक्ती आणि घटनांवरच्या टिपा मजकुरानंतर वेगळ्या दिल्या आहेत. फोनवर वाचाल तर कुठला आर्चड्यूक (ऑस्ट्रियन राजपुत्र) कोण हे शोधताना बोट दुखेल, तेव्हा मोठा पडदा घ्या. आणि गॉसमनचा लेख आधी वाचा. नाहीतर माझ्यासारखं अर्ध्या पुस्तकापर्यंत 'भाषांतर कधी येणार' म्हणत बसाल.