व्हिस्टाडोम काढायचं तर डेक्कन एक्सप्रेसचं काढा

मागच्या उन्हाळ्यापासून पुणे-मुंबईला जमेल तेव्हा मी व्हिस्टाडोमनेच, म्हणजे काचेचं छत आणि मोठ्या खिडक्या असलेल्या रेल्वेच्या डब्यानेच, जातेय. कधी कामासाठी फोर्टात, कधी आईला घेऊन दादरला मामाकडे. डेक्कन क्वीन, प्रगती आणि डेक्कन एक्सप्रेस या तिन्ही गाड्यांना हा डबा आहे आणि तिन्हींचा अनुभव आता गाठीशी आहे. घाट लागेल तेव्हा बाहेर लख्ख उजेड असेल, तरच हे पैसे वसूल होतात, असं माझं पक्कं मत झालंय.

भाडं एसी चेअरकारच्या दुपटीहून जास्त पडतं आणि त्यात सवलत कसलीच नाही. म्हणून गाडी नीट निवडा. डेक्कन एक्सप्रेस सकाळी 7 ला सीएसएमटीहून सुटते आणि परतीला दुपारी सव्वातीनला पुण्याहून. दोन्ही वेळी, बाराही महिने, घाट उजेडातच लागतो. डेक्कन क्वीनचं सकाळी जातानाचं तिकीट उत्तम. संध्याकाळी 5:10 ला मुंबईहून सुटणाऱ्या क्वीनचं मात्र जून-जुलैतच काढा. डिसेंबरात कर्जतच्या आधीच अंधार पडतो आणि मग त्या एवढ्या मोठ्या काचेत आपलाच चेहरा बघत बसावं लागतं. हिवाळ्यात प्रगतीचीही परतीला तीच गत. तेव्हा साधी चेअरकार बरी.

डबा चेन्नईच्या आयसीएफ या रेल्वे डब्यांच्या कारखान्यातला, फक्त 44 सीटचा. पायाजवळची कळ दाबली की सीट पूर्ण फिरते. आईच्या गुडघ्यांना दारातल्या पायऱ्या जड जातात, पण आत शिरल्यावर भरपूर ऐसपैस आहे. आमच्या पुढच्या सीटवरच्या काकूंनी सीट फिरवून आईकडे तोंड केलं आणि लोणावळ्यापर्यंत दोघींची मेतकुटाच्या प्रमाणावर चर्चा रंगली. खिडक्यांच्या काचा खालपर्यंत आहेत, त्यामुळे बसल्या बसल्या थेट दरीच्या तळापर्यंत नजर जाते.

छताच्या काचेतून सपाटीवर फारसं काही दिसत नाही. आकाश, ओव्हरहेड वायर आणि मागे पळणारे खांब, एवढंच. पनवेलकडच्या किंवा कल्याणकडच्या पट्ट्यात मी तर सरळ डुलकी काढते. घाटात मात्र तेच छत कामाला येतं. डबा बोगद्यात शिरताना पावसाळ्यात बोगद्याच्या तोंडावरून पाण्याची धार काचेवर धडकते, आवाज होतो, अख्खा डबा वर बघतो. आत गेल्यावर डब्याच्या उजेडात भिंतीचा ओला कातळ हातभर अंतरावरून सरकत जातो. हा कातळ माणसांनी फोडलाय. बोरघाटाचं काम 1863 मध्ये पुरं झालं, त्यात हजारो मजूर गेले. ठेकेदार सॉलोमन ट्रेडवेल 1859 मध्ये वारल्यावर त्याच्या बायकोने, अ‍ॅलिसने, काम पुढे नेलं. इतकी वर्षं या बोगद्यांतून मी येत-जात होते, पण या डब्यातून जाईपर्यंत ती भिंत मला अशी कधी दिसलीच नव्हती.

मुंबईहून येताना डावीकडची खिडकी मागा, जाताना उजवीकडची. उल्हासची दरी त्या बाजूला आहे. पाऊस उघडला की राजमाचीचे श्रीवर्धन आणि मनरंजन दोन्ही बालेकिल्ले दिसतात. घाट उतरताना मंकी हिल आणि ठाकुरवाडीला गाडी तांत्रिक कारणासाठी क्षणभर थांबते, फोटो तेव्हाच काढून घ्या. चालत्या गाडीत काचेतलं प्रतिबिंब फोटोत येतंच.

टोकाला उभं राहून बघायची लाउंज आहे, काचेची भिंत असलेली. तिचं सुख डबा कुठे जोडलाय यावर अवलंबून. इंजिनाच्या बाजूला आला की समोर फक्त इंजिनाचं तोंड. शेवटी असला तरी घाट चढताना कर्जतला मागून बँकर, म्हणजे गाडी ढकलणारी जादा इंजिनं, लागतात, कारण चढ 1:37 चा (37 फुटांना एक फूट) आहे, आणि लोणावळ्यापर्यंत ती काचेला चिकटून असतात. लहान मुलांना तेच आवडतं म्हणा. पण रूळ मागे पळताना बघायचे असतील तर घाट उतरताना, डबा शेवटी असेल तेव्हाच.

दोन तक्रारी आहेत. छताच्या काचेवर मला बऱ्याचदा सुकलेल्या पाण्याचे पांढरे डाग दिसले. एवढं भाडं घेतल्यावर काच रोज पुसलेली हवी, यात तडजोड नको. दुसरी, एप्रिल-मेच्या दुपारी एसी पूर्ण चालू असूनही डोक्यावर ऊन जाणवतं. टोपी जवळ ठेवा, ज्येष्ठ बरोबर असतील तर नक्कीच. खिडक्या उघडत नाहीत, तेव्हा कर्जतच्या वड्यासाठी दाराशी आधीच जाऊन थांबा.

जुलै-ऑगस्टच्या शनिवार-रविवारी तिकीट मिळणं अवघड असतं, बुकिंग उघडल्याबरोबर काढा. मला स्वतःला सप्टेंबरअखेरचा मधल्या वारचा दिवस सगळ्यात आवडतो: धुकं कमी, धबधबे अजून वाहते आणि डब्यात गोंगाट नाही.