काळजात तार की कातडीखाली? ब्रुगाडावाल्यासाठी दोन मशिनांचा हिशेब

ज्याच्या हातात ब्रुगाडाचा, म्हणजे हृदयाचे ठोके अचानक बिघडवणाऱ्या आनुवंशिक आजाराचा, रिपोर्ट आलाय, डॉक्टरांनी आयसीडी, म्हणजे ठोका बिघडला की शॉक देणारं मशीन, बसवायला सांगितलंय आणि आता दोनपैकी कुठलं एवढंच ठरायचं राहिलंय, त्याच्यासाठी हे लिहितोय. मशीन शॉक कसा देतं ते तुम्हाला एव्हाना पाठ झालं असेल. पेसमेकर वेगळा आणि हे वेगळं, हे पाहुण्यारावळ्यांना समजावून तुमचा घसाही बसला असेल. ते सगळं सोडून देतो.

आमच्या घरात हे कळायला उशीर झाला. धाकटा भाऊ छत्तिसाव्या वर्षी झोपेतच गेला. गौरीजेवणाची रात्र होती. अंगात कणकण होती ती त्याने अंगावर काढली, वडे-मटण पोटभर जेवला, झोपला, आणि सकाळी उठलाच नाही. कुणी अॅटॅक म्हणालं, कुणी देवाला कौल लावायला सांगितला. पुढे मुंबईच्या डॉक्टरांकडून कळलं की अशा मरणाला फिलिपिन्समध्ये बांगुंगुट, जपानात पोक्कुरी आणि थायलंडमध्ये लाई ताई म्हणतात, आणि तिथेही लोक आधी भुताखेताकडेच बोट दाखवायचे. पेद्रो आणि जोसेप या ब्रुगाडा भावांनी १९९२ मध्ये आठ रुग्णांवरून हा आजार मांडला. तोवर जगभरच्या अशा घरांना आमच्यासारखंच कोडं पडत आलं होतं.

भावानंतर तीन वर्षांनी माझी पाळी आली. रात्री बायकोला माझ्या घशातून घरघर ऐकू आली. हलवलं तर मी जागा होईना. मिनिटभराने झालो, पण अंथरूण ओलं झालं होतं. रत्नागिरीत ईसीजी काढला तो नॉर्मल. पुन्हा काढला तोही नॉर्मल. तिसरा काढला तेव्हा श्रावणातला ताप अंगात होता, आणि तिथल्या तरुण डॉक्टरीणबाईंनी छातीवरच्या चकत्या नेहमीच्या जागेपेक्षा एक-दोन बरगड्या वर लावल्या. तेव्हा कागदावर ब्रुगाडाची खूण असलेला तो उतार उमटला, पावळीचं पाणी कौलावरून उतरावं तसा. ताप उतरला की हा उतारही पुसला जाऊ शकतो, म्हणून एका नॉर्मल ईसीजीवर घरच्यांना निर्धास्त होऊ देऊ नका. जनुक तपासणीचंही तसंच. एससीएन५ए या जनुकातला दोष साधारण पाचांत एकालाच सापडतो. माझ्यात सापडला नाही, म्हणून काही आजार गेला नाही.

गोळीचं विचारलंत तर क्विनिडीन नावाचं जुनं औषध आहे आणि ते चालतं. पण अनेक देशांत ते मिळवणं हीच मोठी अडचण आहे, आणि ज्याला एकदा असा झटका येऊन गेलाय त्याला नुसत्या गोळीवर ठेवायला डॉक्टर राजी नसतात. मीही नव्हतो.

तर दोन मशीनं. एकाची तार शिरेतून थेट हृदयात जाते आणि डबी डाव्या खांद्याच्या हाडाखाली बसते. याला आपण आतलं म्हणू. दुसऱ्याची तार छातीच्या मधल्या हाडालगत कातडीखाली राहते, हृदयाला शिवतच नाही, आणि डबी डाव्या काखेखाली बरगड्यांवर बसते. हे बाहेरचं. आतलं बसवणारे हात जास्त, अनुभव जास्त, डबी लहान आणि बॅटरी सहसा दहा वर्षांच्या आसपास चालते. बाहेरच्याची डबी जवळजवळ दुप्पट जड, बॅटरी सात-आठ वर्षांची, किंमत जास्त. माझ्या बाबतीत तो फरक एका हंगामाच्या हापूसच्या पैशांइतका पडला, आणि तो हंगाम बरा होता.

कागदावरचं एक सांगून टाकतो. २०२० मध्ये प्रीटोरियन नावाची मोठी चाचणी प्रसिद्ध झाली, ८४९ रुग्णांची. चार वर्षांच्या हिशेबात दोन्ही मशीनं जवळपास सारखीच निघाली. तारेच्या भानगडी आतल्यात जास्त, चुकीचे शॉक बाहेरच्यात थोडे जास्त. म्हणजे शास्त्राने निर्णय तुमच्या-माझ्यावर सोडला. त्या चाचणीत ब्रुगाडावाले मूठभरच होते, हेही डॉक्टरांनीच सांगितलं.

आतल्या मशिनाची मोठी बाजू म्हणजे ते हृदयाला हळूच टोचून वेग सावरू शकतं, आणि ठोके मंदावले तर पेसमेकरचंही काम करतं. बाहेरच्याला ते जमत नाही. पण ब्रुगाडात जो गोंधळ होतो तो टोचण्याने आवरणारा नसतो, तिथे शॉकच लागतो. म्हणजे ज्या गुणाचे पैसे मोजायचे तो आपल्यापैकी बऱ्याच जणांना वापरायलाच लागत नाही. मात्र तुमच्या ईसीजीत ठोक्याची वाट अडते असं डॉक्टर म्हणाले असतील तर पुढचं वाचूही नका, आतलंच घ्या. एससीएन५ए वाल्यांत असं होताना दिसतं.

आतल्या मशिनाची माझी माहिती चुलतभावाकडून. त्याला २०१५ पासून आहे, डोंबिवलीला असतो. चार वर्षांनी त्याची तार आतून बिघडली आणि भर लोकलमध्ये एकामागोमाग चार शॉक बसले. काळजात काहीच झालं नव्हतं. बिघडलेल्या तारेचा खरखराट मशिनाला वादळ वाटला. मांसात रुतलेली जुनी तार ओढून काढणं धोक्याचं, म्हणून ती तशीच ठेवून शेजारून दुसरी घातली. आता एका शिरेत दोन तारा आहेत. तो म्हणतो त्रास नाही. पण मी चाळिशीचा, मला आणखी तीस-चाळीस वर्षं काढायचीत. तेवढ्यात किती तारा, या विचाराने माझी झोप उडाली होती.

तरीही निर्णय तारेवर झाला नाही. सगळ्या तारा काही बिघडत नाहीत. निर्णय झाला पालखीवर.

आमच्याकडे शिमग्याला ग्रामदेवतेची पालखी सहाणेवर, म्हणजे तिच्या बसायच्या चौथऱ्याशी, नाचवतात. रत्नागिरीकडच्या माणसाला यापुढे सांगायला नको, बाहेरच्यांसाठी एवढंच की हे नुसतं उचलून नेणं नव्हे. लाकडी दांडा खांद्यावर आपटतो, उसळतो, डाव्यावरून उजव्यावर जातो, माणसं बदलतात, ढोल वाढतो. दांडा जिथे रुततो ती जागा म्हणजे खांद्याचं हाड आणि त्याखालची चार बोटं. आतल्या मशिनाची डबी नेमकी तिथेच असते, आणि तार त्याच हाडाच्या आणि पहिल्या बरगडीच्या फटीतून शिरेत उतरते. त्या फटीत चेपली गेली तर तार झिजते, हे डॉक्टरांनी कागदावर चित्र काढून दाखवलं. मी म्हटलं, उजवीकडे बसवा. ते म्हणाले, बसवता येतं, पण हृदय डावीकडे, शॉकची वाट तितकी नीट पडत नाही. 'फक्त उजव्या खांद्यावर घ्या' असंही एकाने सुचवलं. त्याने पालखी कधी नाचवलेली नसणार. मधेच 'मला डावा नको' म्हणत थांबणारा माणूस पालखीखाली असणं बाकीच्या तिघांना धोक्याचं.

मला थोडी लाजच वाटली हे बोलून दाखवायला. जिवाचा प्रश्न, आणि हा शिमग्याचं बोलतोय. पण डॉक्टर हसले नाहीत. हा आजार धावताना नव्हे तर विसाव्यात, झोपेत, तापात उठतो, तेव्हा पालखीला माझी हरकत नाही, म्हणाले. हरकत शिमग्यातल्या दारूला आहे. ती मी सोडली.

बाहेरचं सगळ्यांना बसत नाही, हे आधी लक्षात घ्या. बसवण्यापूर्वी छातीवर चकत्या लावून, झोपवून, बसवून, हालचाल करायला लावून बघतात की मशिनाला तुमचा ठोका नीट वाचता येतो की नाही. ब्रुगाडात ईसीजी रंग बदलत असल्याने इथे काही जण नापास होतात. मी पास झालो, पण काठावर.

बसवल्यावर पहिले दोन महिने मी या मशिनाला शिव्या घातल्या. डाव्या कुशीवर झोपता येईना. हात खाली सोडला की डबीला घासायचा. आणि वैशाख आला तेव्हा काखेखालच्या व्रणावर घामोळं उठलं, ते पाऊस पडेपर्यंत गेलं नाही. कोकणातल्या दमट हवेचा विचार ही मशीनं बनवणाऱ्यांनी केलेला दिसत नाही. आतल्यावाल्याला हा त्रास नाही. त्याची जागा कोरडी राहते, फक्त सदऱ्याच्या डाव्या खिशात फोन ठेवायचा नाही.

आणि चुकीचा शॉक मलाही बसला. तोही शिमग्यातच. पालखी झाली, उत्साहात मी ढोल गळ्यात अडकवला. दहाएक मिनिटांत छातीच्या स्नायूंची थरथर मशिनाने काळजाची धरली आणि सहाणेवरच झटका दिला. याचा शॉक ८० ज्यूलचा, आतल्याचा जास्तीत जास्त त्याच्या निम्म्याने. चुलतभाऊ म्हणतो, छातीवर नारळ पडल्यासारखं वाटतं. माझ्यावर अख्खा घड पडला. मी ओरडून उडालो आणि आडवा झालो. लोकांना वाटलं अंगात आलं. दोन म्हाताऱ्यांनी हळदकुंकू लावलं, एकीने मुलाच्या लग्नाचं विचारलं. बायको मात्र रडत होती. मग मशीन ज्या बाजूने ठोका वाचतं ती बाजू दवाखान्यात बदलून घेतली. तंत्रज्ञाने समोर बसवून दोन्ही हात एकमेकांविरुद्ध ओढायला लावले, आणि मी त्यांच्या टेबलाची कड खांद्याने उचलून दाखवली. पडद्यावर रेघ साफ राहिली. त्यानंतर शॉक नाही. ढोल कायमचा बंद. पालखी चालू.

मोठ्या स्पीकरला छाती लावून उभं राहू नका, त्यातला लोहचुंबक मशीन गप्प करू शकतो. हे दोघांनाही लागू. ताप आला की लगेच पॅरासिटामॉल आणि ईसीजी, हेही दोघांना. लेप्टो-डेंग्यूच्या दिवसांत तर विशेष, आणि इथे आमच्या घरात माझ्यापेक्षा थर्मामीटरवर विश्वास जास्त आहे. मशीन आजार घालवत नाही, पडल्यावर उठवतं एवढंच. मोबाइलच्या रेंजवरून दवाखान्याला खबर देणारी उशाजवळची डबी दोघांनाही मिळते. आमच्याकडे ती ओटीवरच्या खिडकीत ठेवली तरच चालते, तेव्हा झोपतोही ओटीवर.

आता कुणी तिसऱ्या प्रकाराचं विचारेल. छातीच्या मधल्या हाडाच्या मागे तार ठेवणारं मशीन अमेरिकेत २०२३ मध्ये मंजूर झालं. हृदयाच्या आत तार नाही, तरी थोडं टोचूही शकतं. ते आपल्या भागात बसवून घ्यायची घाई मी तरी करणार नाही.

वय साठीकडे झुकलेलं असेल, ठोके मंद असतील, पैसे मोजके असतील, किंवा बसवण्याआधीच्या चकत्यांच्या टेस्टमध्ये नापास झालात, तर आतलं घ्या आणि चुकलं असं वाटून घेऊ नका. चुलतभाऊ त्याच्यावर दहा वर्षं जगलाय, नोकरी करतोय, मुलगी बारावीला आहे. चाळिशीच्या आतबाहेर असाल आणि खांद्यावर काही ना काही वाहायचं असेल, पालखी नाहीतर जाळं नाहीतर आंब्याची पेटी, तर मी बाहेरच्याकडे बोट दाखवीन. घामोळ्याची पावडर घेऊन ठेवा.

या शिमग्याला चुलतभाऊ आला होता. त्याची बॅटरी संपत आलीय, यंदा बदलायचीच आहे. पालखी समोरून आली तेव्हा त्याने उजवा खांदा पुढे केला, दोन पावलं नाचला, दांडा उसळला तसा डावा हात छातीवर गेला आणि तो बाजूला झाला. रात्री जेवताना काही बोलला नाही. निघताना एसटीच्या पायरीवरून विचारलं, "त्या टेस्टला उपाशीपोटी जायचं का रे?"

नाही, जेवून गेलं तरी चालतं.