फिनाइल, ब्लीच की साधा साबण? साथीच्या दिवसांत घर पुसताना

घरात कुणी आजारी पडलं की आमच्याकडे वाण्याकडून पहिली येते ती पांढऱ्या फिनाइलची बाटली. बादलीत दोन झाकणं टाकली, पाणी दुधासारखं झालं आणि घरभर वास सुटला की सासूबाईंच्या लेखी घर शुद्ध. मलाही बरीच वर्षं तसंच वाटायचं. पण पैसे कशावर घालायचे हे ठरवायचं असेल तर वास बाजूला ठेवा आणि आधी बघा, साथ खोकल्या-तापाची आहे की उलटी-जुलाबाची.

फ्लू आणि कोविडच्या विषाणूंना वरून स्निग्ध आवरण असतं. तेलकट कढई साबणाने सुटते तसं हे आवरणही साबणाने फुटतं आणि विषाणू निकामी होतो. नोरोव्हायरस, रोटाव्हायरस आणि दूषित पाण्यातून होणाऱ्या काविळीचा हिपॅटायटिस ए यांना हे आवरणच नसतं. म्हणून ते चिवट. नोरोव्हायरस आणि हिपॅटायटिस ए तर सॅनिटायझरलाही फारशी दाद देत नाहीत.

खोकल्या-तापाच्या साथीत मी साबणाचं पाणीच घेईन, आणि तेही लादीपेक्षा हात लागणाऱ्या जागांसाठी. बडोद्याच्या घरांत अशी एक जागा सगळे विसरतात: झोपाळा. येणारा-जाणारा त्यावर बसतो आणि बसताना पितळी कड्या धरतो. कचरा-पोतं, म्हणजे झाडू-पुसणं, करणाऱ्या बेन (बाई) खालची कोटा फरशी रोज दोनदा पुसतात, कड्यांना मात्र दिवाळीतच हात लागतो. साबणाच्या पाण्यात पिळलेलं फडकं कड्यांवरून फिरवायचं, मग साधं ओलं, मग कोरडं. ब्लीच इथे नकोच. आमच्या दोन कड्यांवर त्याचे काळे डाग अजून आहेत.

मोबाइल, रिमोट, बंद केलेली विजेची बटणं यांना पाणी चालत नाही, तिथे अल्कोहोल बरं. ७० टक्क्यांचं घ्या. शंभर टक्के जास्त जालीम वाटतं, पण ते लगेच उडून जातं आणि त्याला कामासाठी लागणारं पाणीही त्यात नसतं. देवघरात निरांजन किंवा ओट्यावर गॅस चालू असताना बाटली उघडू नका.

घरात फवारणी करून देणारे हल्ली दारावर येतात. तो खर्च वाचवा. कोविडच्या वेळी जागतिक आरोग्य संघटनेने घरात फवारा किंवा धूर मारू नका असंच सांगितलं होतं. दूषित वस्तूला एकदा हात लागून कोविड होण्याची शक्यता दहा हजारांत एकाहूनही कमी, असा अंदाज अमेरिकेच्या सीडीसी या रोगनियंत्रण संस्थेने एप्रिल २०२१ मध्ये दिला. अशा साथीत खिडक्या उघड्या ठेवणं कुठल्याही बाटलीपेक्षा जास्त उपयोगी.

उलटी-जुलाबाचं गणित वेगळं. तिथे फिनाइल, जखमेवरचं अँटिसेप्टिक आणि सॅनिटायझर तिघंही कमी पडतात, भरवसा ब्लीचचाच. बाटलीवर सोडियम हायपोक्लोराइट ४ टक्के लिहिलं असेल तर १ लिटर पाण्याला २५ मिली घ्या, म्हणजे ०.१ टक्का होतं. संडासाची कडी, नळ, पलंगाची कड यांना तेवढं पुरे. प्रत्यक्ष उलटी झालेल्या जागेला ०.५ टक्का लागतं, म्हणजे १ भाग ब्लीचला ७ भाग पाणी. हातमोजे घालून घाण आधी जुन्या वर्तमानपत्राने उचला आणि जागा साबणाने धुवा, कारण घाणीतच ब्लीचचा जोर संपतो. मग द्रावण ओता, १० मिनिटं हात लावू नका, शेवटी साध्या पाण्याने पुसा. पाणी गारच घ्या, आणि उरलेलं दुसऱ्या दिवशी ओतून द्या. हात मात्र साबणानेच धुवायचे.

ब्लीच निवडणाऱ्याने त्याचा स्वभावही ओळखून ठेवावा. एकदा मी संडासात ऍसिडवालं क्लीनर टाकलं, नीट पाणी न ओतताच वर ब्लीच ओतलं, आणि खिडकी बंद. क्षणात डोळ्यांतून पाणी, घशात आग. तशीच बाहेर पळाले, गॅलरीचं दार उघडून उभी राहिले, तरी संध्याकाळपर्यंत खोकत होते. या मिश्रणातून क्लोरीन वायू निघतो. अमोनिया असलेल्या काच-क्लीनरबरोबरही ब्लीचचा विषारी वायू होतो. फिनाइलमध्येही ब्लीच मिसळू नका, दोन औषधं एकत्र म्हणजे दुप्पट गुण असं इथे होत नाही. आणि ते ऍसिड कोटा फरशीवर सांडलं तर चमकही जाते, ती चुनखडीच ना.

ब्लीचिंग पावडर द्रावणापेक्षा स्वस्त, म्हणून तिचा मोह होतो. पण डबा उघडा राहिला, दमट हवा लागली की तिचा जोर उतरत जातो. ऑगस्ट २०२४ मध्ये विश्वामित्रीच्या पुराचं पाणी ओसरल्यावर नदीकडच्या सोसायट्यांतून पोत्यांनी आणलेली पावडर अजून कुणाकुणाच्या माळ्यावर असेल. ती आता भरवशाची नाही. द्रावणाची बाटलीही छोटी आणा, पॅकिंगची तारीख बघा, आणि पेप्सीच्या रिकाम्या बाटलीत कधीच ओतून ठेवू नका. घरात पोरं असतात.

मांजर असेल तर काळं फिनाइल अजिबात नको. मांजर ओल्या लादीवरून चालतं आणि मग पंजे चाटतं. आमच्याकडे पांढरी बाटली अजून येतेच, सासूबाईंना सणासुदीला तो वास लागतो. पण कुणी आजारी असलं की बादलीत साबण आणि कपाटाच्या वरच्या खणात, वेगळी, ब्लीचची बाटली.