डॅशकॅम घ्यायचाय? १०८०पी की ४के, एक कॅमेरा की दोन, सॉकेट की हार्डवायर

डॅशकॅम, म्हणजे गाडीच्या काचेवर लावून रस्ता रेकॉर्ड करत राहणारा कॅमेरा, शोधायला बसलं की आधी बॉक्सवरचा मोठा आकडा दिसतो आणि बहुतेक लोक तिथंच अडकतात, ४के आहे ना मग घेऊन टाक. माझं मत आधीच सांगतो, ज्या दिवशी कोणी ठोकून जाईल त्या दिवशी फुटेज कार्डवर सापडलं पाहिजे आणि त्यात काय झालं ते कळलं पाहिजे, जमलं तर नंबर प्लेटपण वाचता आली पाहिजे, बाकी सगळं नंतर. आणि हे रिझोल्युशनपेक्षा सेन्सर (कॅमेऱ्यातली उजेड टिपणारी चिप), कार्ड, पॉवर आणि कॅमेरा कुठं चिकटवला ह्यावर जास्त ठरतं.

तरी रिझोल्युशनपासूनच सुरू करू कारण प्रश्न तोच असतो. १०८०पी म्हणजे साधारण २० लाख पिक्सेल, १४४०पी ज्याला २के म्हणून विकतात ते ३७ लाख, आणि ४के म्हणजे ८३ लाख. दिवसा उजेडात हा फरक खरोखर दिसतो, शेजारच्या लेनमधली गाडी पुढं निघून गेली तरी ४केचा व्हिडिओ पॉज करून झूम केला की नंबर लागतो, १०८०पी मध्ये तोच नंबर चार-पाच गाड्यांच्या अंतरावर पुसट होतो. पण ह्यात लेन्सचा अँगलपण बघा. १७० डिग्री लिहिलेलं भारी वाटतं, पण जितकं जास्त रुंद दृश्य तितके पिक्सेल पसरतात आणि समोरच्या गाडीच्या प्लेटच्या वाट्याला कमी येतात. १३० ते १४० डिग्री पुरेसं आहे, दोन्ही बाजूच्या लेन येतात आणि प्लेटपण वाचता येते.

रात्र झाली की गणित बदलतं. इथं सेन्सरचं नाव विचारायचं. सोनीच्या स्टारव्हिस घराण्यातले सेन्सर डॅशकॅममध्ये खूप वापरतात, त्यातला आयएमएक्स ३०७ हा २ मेगापिक्सेलचा, त्याचा एकेक पिक्सेल २.९ मायक्रॉनचा (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग). आयएमएक्स ४१५ हा ८ मेगापिक्सेलचा पण सेन्सरचा आकार तेवढाच, १/२.८ इंच, त्यामुळं पिक्सेल १.४५ मायक्रॉनचा, म्हणजे क्षेत्रफळ बरोबर एक चतुर्थांश. दिवसा ४१५ पुढं, पण अंधाऱ्या रस्त्यावर जुना १०८०पीवाला ३०७ बऱ्यापैकी टक्कर देतो. म्हणून ४के घ्यायचाच असेल तर स्टारव्हिस २ मधला आयएमएक्स ६७८ असलेला बघा, तो सेन्सरच मोठा आहे, १/१.८ इंच, ८ मेगापिक्सेल असून पिक्सेल २ मायक्रॉनचा. मधला पर्याय पाहिजे तर आयएमएक्स ३३५ किंवा त्यापेक्षा नवा ६७५, दोन्ही ५ मेगापिक्सेलचे, त्यावर २के मस्त चालतं. आणि ज्या कॅमेऱ्याच्या माहितीत सेन्सरचं नावच नाही, नुसतं अल्ट्रा एचडी नाईट व्हिजन लिहिलंय, तो मी सोडून देईन. असल्या बऱ्याच कॅमेऱ्यांत सेन्सर २ किंवा ४ मेगापिक्सेलचा असतो आणि आत सॉफ्टवेअर चित्र ताणून ४केची फाईल बनवतं, फाईल मोठी होते पण प्लेट तितकीच धूसर.

आता एक गोष्ट स्पष्ट सांगायला पाहिजे जी जाहिरातीत कोणी सांगत नाही. रात्री कॅमेरा एकेक फ्रेमला १/३० सेकंदापर्यंत उजेड घेत बसतो. तुम्ही ताशी ५० ने चाललाय, समोरचा ५० ने येतोय, म्हणजे एकमेकांच्या हिशोबाने ताशी १००, सेकंदाला जवळजवळ २८ मीटर. तेवढ्या १/३० सेकंदात ती गाडी ९० सेंटीमीटरच्या वर सरकते. मग प्लेट वाचायची कशी, ४के असो नाहीतर अजून काही. त्यामुळं रात्री समोरून येऊन निसटून गेलेल्या गाडीचा नंबर मिळेल ह्या आशेवर महाग कॅमेरा घेऊ नका. त्यापेक्षा माइक चालू ठेवा आणि नंबर दिसला की मोठ्यांदा वाचा, आवाज रेकॉर्ड होतो आणि तो कामाला येतो.

६० फ्रेम की ३० हा प्रश्नपण ह्यालाच जोडलेला आहे. ६० ला व्हिडिओ गुळगुळीत दिसतो, पण प्रत्येक फ्रेमला जास्तीत जास्त १/६० सेकंदच मिळतो, म्हणजे रात्री उजेड निम्मा. बहुतेक वेळ दिवसा आणि हायवेवर जाणार असेल तर ६० ठेवा, नाहीतर ३० आणि एचडीआर, म्हणजे उजळ आणि काळोखा भाग दोन्ही सांभाळून घेणारं सेटिंग, चालू. एचडीआरचा खरा फायदा रात्रीच होतो, तुमच्या हेडलाइटमुळं पुढच्या गाडीची प्लेट पांढरीफटक दिसते ती थोडी आवरते. एचडीआर नसेल तर एक्सपोजर (चित्राचा उजेड कमी-जास्त करायचं सेटिंग) शून्यावरून थोडं खाली, उणे ०.३ वगैरे करून बघा.

पुढचाच कॅमेरा की मागचापण, ह्यात मला फार शंका नाही, जमत असेल तर दोन घ्या. मागून येऊन धडकणाऱ्याचं पुढच्या कॅमेऱ्यात फक्त एक धक्का आणि आवाज येतो, तो किती वेगानं आला, लेन कापून आला का, काहीच दिसत नाही. पैसे तेवढेच असतील तर एकट्या ४के कॅमेऱ्यापेक्षा पुढं २के आणि मागं १०८०पी अशी जोडी मी आधी निवडेन. मागच्या काचेवर गडद फिल्म असेल तर रात्री मागचा कॅमेरा जवळपास आंधळा होतो हे लक्षात ठेवा, आणि डिफॉगरच्या (मागच्या काचेवरचं धुकं घालवणाऱ्या तारांच्या) दोन रेषांच्या मध्ये लेन्स येईल असा बसवा. केबिनचा तिसरा कॅमेरा मात्र प्रवासी नेणाऱ्यांसाठी, त्यात इन्फ्रारेड एलईडी पाहिजेत नाहीतर रात्री आतलं काही दिसणार नाही. घरच्या गाडीत त्याची गरज मला दिसत नाही. आरशावर बसणारे जे लांबलचक स्क्रीनवाले येतात ते दिसायला छान, पण लेन्सची जागा आरसा ठरवतो, तुम्ही नाही.

कॅमेऱ्याच्या आत बॅटरी की सुपरकॅपॅसिटर (थोडी वीज साठवून पटकन देणारा भाग)? सुपरकॅपॅसिटर, विचार करायचं कारणच नाही. लिथियम बॅटरी साधारण ४५ डिग्रीपर्यंत चार्ज करण्यासाठी बनवलेली असते, आणि उन्हात बंद उभ्या गाडीत काचेजवळ त्यापेक्षा कितीतरी जास्त तापतं, मग ती फुगते, कॅमेरा मध्येच बंद पडायला लागतो. सुपरकॅपॅसिटर काही सेकंदच पॉवर देतो पण त्याचं काम तेवढंच असतं, वायर तुटली किंवा इंजिन बंद झालं की शेवटची फाईल नीट सेव्ह करणं.

पॉवरचे तीन रस्ते. लायटर सॉकेट सगळ्यात सोपा, स्वतः पाच मिनिटांत होतं, कमी एवढीच की गाडी बंद झाली की कॅमेरा बंद. काही गाड्यांत सॉकेट बंद होतच नाही, मग कॅमेरा चालूच राहतो आणि गाडी काही दिवस उभी राहिली की स्टार्ट होत नाही, म्हणून आधी चावी काढून फोनचा चार्जर लावून बघा. दुसरा ओबीडी पोर्टमधून (मेकॅनिक गाडी तपासायला यंत्र जोडतो तो सॉकेट), वायर कापायची गरज नाही, पण पोर्ट अडतो आणि काही गाड्यांत त्यामुळं आतले कंट्रोल युनिट झोपतच नाहीत आणि बॅटरी उतरते. तिसरा हार्डवायर किट, म्हणजे वायर थेट गाडीच्या फ्यूज बॉक्सला जोडायची, पार्किंग मोड (गाडी बंद उभी असतानापण रेकॉर्डिंग) पाहिजे असेल तर हाच. त्यात तीन वायर असतात, एक कायम चालू फ्यूजला, एक चावी फिरवल्यावर चालू होणाऱ्या फ्यूजला आणि एक बॉडीच्या उघड्या धातूला लागणाऱ्या बोल्टला. फ्यूज बॉक्समध्ये फ्यूज टॅप (फ्यूजच्या जागी बसून जादा वायर काढून देणारा तुकडा) लावायचा, गाडीच्या फ्यूजच्या मापाचाच आणायचा, आणि एअरबॅग किंवा एबीएसच्या फ्यूजला हात लावायचा नाही. मल्टिमीटर वापरता येत नसेल तर हे काम सरळ इलेक्ट्रिशियनला द्या.

पार्किंग मोडचा मोह सगळ्यांना होतो, पण हिशोब करा. कॅमेरा साधारण ०.३ ते ०.५ अँपिअर खातो, ०.४ धरला तर १० तासांत ४ अँपिअर-अवर. गाडीच्या ४० अँपिअर-अवरच्या बॅटरीतून एक रात्र चालून जाईल, रोज गाडी नीट चालत असेल तर भरूनपण निघेल. पण गाडी आठवड्यातून एकदा आणि तीपण जवळच्या जवळ जात असेल तर बॅटरी कधी भरणारच नाही. १२ व्होल्टची लेड-ॲसिड बॅटरी पूर्ण भरलेली असताना १२.६ च्या आसपास असते आणि १२.२ ला जवळजवळ निम्मी झालेली असते, म्हणून किटमधला कटऑफ (ज्या व्होल्टला कॅमेरा आपोआप बंद होतो तो आकडा) १२.२ किंवा १२.४ वर ठेवा, ११.८ वर नको. आणि सतत रेकॉर्डिंगपेक्षा टाइमलॅप्स घ्या किंवा हालचाल, धक्का झाल्यावर चालू होणारा मोड. त्यात बफर असलेला मिळाला तर उत्तम, कारण तो धक्क्याच्या आधीचे काही सेकंदपण ठेवतो, नाहीतर ठोकून निघून गेल्यावर रेकॉर्डिंग सुरू होतं, वरातीमागून घोडं.

आता कार्ड, आणि इथं मी सगळ्यात जास्त आग्रही आहे. ४के ला ४० एमबीपीएस (सेकंदाला ४० मेगाबिट, म्हणजे ५ एमबी) धरले तर तासाला १८ जीबी, मागचा १०८०पी धरून तासाला २५ च्या आसपास. रोज दोन तास गाडी चालवली तर १२८ जीबीचं अख्खं कार्ड अडीच-तीन दिवसांत पुन्हा पुन्हा लिहिलं जातं, वर्षभर. फोनचं साधं कार्ड ह्या कामाचं नाही, बऱ्याच साध्या कार्डांच्या वॉरंटीतपण हा वापर बसत नाही. लोक कार्डवर छापलेले यू३, व्ही३० बघून घेतात, ते असू द्या, पण तो फक्त वेग झाला, सेकंदाला किमान ३० एमबी, आणि कॅमेऱ्याला लागतात पाच-सात. खरी गरज टिकाऊपणाची आहे, म्हणून एन्ड्युरन्स लिहिलेलं घ्या, सॅनडिस्क हाय एन्ड्युरन्स, सॅमसंग प्रो एन्ड्युरन्स वगैरे. कार्ड मरतं तेव्हा नेहमी सांगून मरत नाही, स्क्रीनवर लाल टिपका दिसत राहतो आणि फाईल मात्र कोरी. महिन्यातून एकदा कॅमेऱ्यातच फॉरमॅट करा, त्याआधी एखादी ताजी फाईल उघडून बघा.

बसवायची जागा ठरवताना गाडीत बसून बघा वायपर कुठपर्यंत पुसतो, त्या पट्ट्यातच लेन्स आली पाहिजे, नाहीतर पावसात नुसते थेंब रेकॉर्ड होतील. आतल्या आरशामागं, ड्रायव्हरच्या नजरेआड, पण गाडीचा स्वतःचा कॅमेरा किंवा रेन सेन्सर असेल तर त्याच्यासमोर नाही आणि काचेच्या वरच्या काळ्या ठिपक्यांवरपण नाही, तिथं टेप नीट धरत नाही. व्हॅक्यूम कप की टेप, तर टेप, कप उन्हात सुटतो. काच आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा, दाबून धरा आणि शक्य असेल तर कॅमेरा एक दिवसाने लटकवा, टेप पूर्ण पकडायला वेळ घेतो. अँगल असा की क्षितिज फ्रेमच्या मध्यावर किंवा किंचित वर येईल, खाली बॉनेटची एक कड दिसेल. आकाश जास्त आलं की कॅमेरा त्याच्या उजेडाला जुळवून घेतो आणि रस्ता काळा पडतो. वायर खांबाच्या कव्हरमधून खाली नेताना पडद्याची (बाजूची कर्टन) एअरबॅग तिथंच असते, वायर तिच्या मागून न्यायची, समोरून कधीच नाही.

सीपीएल फिल्टर, म्हणजे लेन्सवर लावायची प्रतिबिंब कमी करणारी पोलराइझिंग काच, घ्यावा का? डॅशबोर्डचं प्रतिबिंब काचेत खूप येत असेल तर दिवसा फार फरक पडतो, पण तो एक ते दोन स्टॉप उजेड खातो (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा), रात्री जास्त फिरणाऱ्यांनी काढून ठेवलेला बरा. आधी डॅशबोर्डवरच्या चकचकीत वस्तू आणि पॉलिश तेवढं कमी करून बघा.

सेटिंगमध्ये लूप (एकेका फाईलची लांबी, कार्ड भरलं की जुन्या फायलींवर नव्या लिहिल्या जातात) तीन मिनिटांचा, जी-सेन्सर (धक्का ओळखून फाईल लॉक करणारा) सगळ्यात कमी संवेदनशील. जास्त ठेवला तर प्रत्येक खड्ड्याला फाईल लॉक होते, लॉक फायली पुसल्या जात नाहीत आणि कार्ड भरून रेकॉर्डिंग थांबतं. तारीख-वेळ बरोबर पाहिजेच, म्हणून जीपीएस असलेला मॉडेल मी निवडेन, तो वेळ आपोआप जुळवतो. १५ फेब्रुवारी २०१३ ला रशियात चेल्याबिन्स्कवर उल्का फुटली तेव्हा तिचा मार्ग काढायला शास्त्रज्ञांनी गाड्यांच्या डॅशकॅमचे व्हिडिओ वापरले, म्हणजे कुठून आणि कधी दिसलं हे पक्कं असेल तर हे फुटेज किती कामाचं आहे बघा. व्हिडिओवर वेग छापायचा का, तर तो तुमच्या बाजूने जातो तसा विरुद्धपण जातो, तुम्ही ठरवा. आवाज रेकॉर्ड करणं आणि काचेवर काही लावणं ह्याचे नियम जागोजागी वेगळे आहेत, ते एकदा बघून घ्या.

थोडक्यात निवड करायची तर रोज शहरात जाणं-येणं असेल तर २के पुढं, १०८०पी मागं, सुपरकॅपॅसिटर, लायटर सॉकेट, १२८चं एन्ड्युरन्स कार्ड. गाडी रस्त्यावर उभी राहते, रात्री कोण घासून जातं कळत नाही, तर हार्डवायर आणि बफरवाला पार्किंग मोड, तिथं ४के पेक्षा ह्यावर पैसे घाला. लांबचे प्रवास भरपूर असतील तर आयएमएक्स ६७८ वाला ४के खरंच घेण्यासारखा आहे.

आणि काही झालंच तर गाडी बाजूला घेतल्यावर आधी लॉकचं बटण दाबा, मग वायफायने ती फाईल फोनवर ओढा, तेपण जमत नसेल तर कॅमेरा बंद करून कार्डच काढून खिशात ठेवा. ६४ जीबीच्या कार्डवर एकटा ४के साडेतीन तासांत फिरून पहिल्या फाईलवर येतो, तुम्ही पोलीस ठाण्यात आणि गॅरेजमध्ये फिरत असताना तो मागचं पुसतच असतो.