डीएलएल सापडत नाही: फाईल उतरवायची, पॅकेज टाकायचं की विंडोजच नव्याने?

ऐन लग्नसराईत ओळखीच्या एका डीटीपीवाल्या ताईंचा फोन आला. नवा लॅपटॉप, विंडोज ११, आणि लग्नपत्रिका तयार करायचं त्यांचं जुनं सॉफ्टवेअर काही केल्या उघडेना. आधी नुसतं ‘एमएसव्हीसीआर१००.डीएलएल सापडली नाही’ असं येत होतं. मग भाच्याने व्हिडिओ बघून कुठल्याशा साईटवरून ती फाईल आणली, सॉफ्टवेअरच्या फोल्डरमध्ये टाकली, आणि आता शेवटी ‘००७बी’ असलेला भलताच एरर यायला लागला. “विंडोज उडवून परत टाकू का?” ताईंचा प्रश्न.

थांबा म्हटलं. अशा वेळी चार-पाच वाटा असतात, पण कुठली धरायची हे हरवलेली फाईल कुणाची आहे यावर ठरतं.

डीएलएल म्हणजे वाड्यातला सामाईक पाटा-वरवंटा. प्रत्येक प्रोग्रामने आपला वेगळा कोड बाळगण्यापेक्षा सगळ्यांनी एकच वापरायचा. काही फाईली विंडोजच्या असतात, काही मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रनटाइमच्या (म्हणजे प्रोग्राम चालायला लागणाऱ्या तयार फाईलींच्या संचाच्या), आणि काही त्या एकाच प्रोग्रामच्या खाजगी.

साईटवरून सुटी फाईल उतरवणं सगळ्यात सोपं दिसतं आणि मी ते कुणालाच सुचवत नाही. फाईल कुठून आली, कुणी बदलली, कळायला मार्ग नाही. सोबत व्हायरस आला तर तो थेट तुमच्या प्रोग्राममध्ये जाऊन बसतो. तो नसला तरी ३२ आणि ६४ बिटचा घोळ आहेच. या प्रोग्रामच्या दोन वेगळ्या घडणी, एकीची फाईल दुसरीला चालत नाही. ताईंचं सॉफ्टवेअर ३२ बिटचं आणि भाच्याने आणलेली फाईल ६४ बिटची. ‘००७बी’चा एरर बहुतेक वेळा हेच सांगत असतो. त्यात ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ नावाच्या फोल्डरात ६४ बिटच्या फाईली असतात आणि ३२ बिटच्या सिसवॉव६४ मध्ये. हे नाव ज्याने ठेवलं त्याला एकदा भेटायचंय.

त्यापेक्षा अख्खं रनटाइम पॅकेज टाका. नाव एमएसव्हीसीपी, एमएसव्हीसीआर किंवा व्हीसीरनटाइमने सुरू होत असेल तर फाईल व्हिज्युअल सी++ ची, आणि मागचा आकडा सांगतो कुठल्या सालच्या पॅकेजची. १०० म्हणजे २०१०, ११० म्हणजे २०१२, १२० म्हणजे २०१३, आणि १४० म्हणजे २०१५ व त्यानंतरची सगळी, जी एकाच पॅकेजमध्ये येतात. नवं पॅकेज टाकलं म्हणून २०१० ची फाईल मिळत नाही. इथे बरेच जण फसतात. मायक्रोसॉफ्टच्याच साईटवरून घ्या, फुकट आहे. आणि ६४ बिट मशीनवर एक्स८६ आणि एक्स६४ दोन्ही टाका, कारण ३२ बिटच्या प्रोग्रामला एक्स८६ चंच लागतं. कंट्रोल पॅनेलमध्ये मग या नावाच्या आठ-दहा नोंदी दिसतील. ‘डुप्लिकेट’ समजून साफसफाई करू नका. जुन्या गेमला डी३डीएक्स९ ने सुरू होणारी फाईल हवी असेल तर हीच रीत, फक्त पॅकेज डायरेक्टएक्सचं, जून २०१० चं.

नाव यातलं कुठलंच नसेल आणि एकच प्रोग्राम रुसला असेल, तर तो काढून परत टाकणं बरं. आधी लायसन्स की आणि सेटिंग जपून ठेवा. अँटीव्हायरसचं क्वारंटाइनही एकदा उघडून बघा, फाईल तिथे डांबलेली सापडते. क्रॅक केलेल्या प्रोग्रामची असेल तर तिथून सोडवू नका.

एसएफसी आणि डिस्म या विंडोजच्या आपल्या दुरुस्तीच्या कमांड. एक नाही, अनेक प्रोग्राम किंवा खुद्द विंडोजची खिडकीच कोसळत असेल तर कमांड प्रॉम्प्ट अ‍ॅडमिन म्हणून उघडून आधी डिस्मचं रिस्टोअरहेल्थ, मग एसएफसीचं स्कॅननाऊ चालवा. डिस्म चांगल्या फाईली सहसा विंडोज अपडेटवरून आणतं, त्यामुळे नेट लागतं. मधेच एखाद्या टक्क्यावर अडकल्यासारखं वाटतं. चहा घेऊन या, बंद करू नका. पण एसएफसी फक्त विंडोजच्या संरक्षित फाईली तपासतं. ताईंच्या प्रोग्रामची फाईल त्यात येतच नाही, तेव्हा ‘सगळं ठीक आहे’ असा निकाल आला तरी एरर तसाच राहतो आणि माणूस वैतागतो.

विंडोज रिसेट अगदी शेवटी. ‘फाईली ठेवा’ निवडलं तरी बाहेरून टाकलेले प्रोग्राम जातात. डीटीपीवाल्याला ऐन सीझनमध्ये ते परवडत नाही. ती वेळ आलीच तर आयएसओवरून, म्हणजे विंडोजच्या सेटअपच्या एकाच मोठ्या फाईलीवरून, सेटअप चालवून, प्रोग्राम न उडवता, वरच्यावर विंडोज टाकता येतं. ते आधी करा.

ताईंकडे मी भाच्याची फाईल काढून टाकली, २०१० चं एक्स८६ पॅकेज टाकलं, दहा मिनिटं लागली. सॉफ्टवेअर उघडलं. पत्रिकेत मात्र ‘श्री गणेशाय नमः’च्या जागी चौकोन दिसत होते, पण ते दुखणं फॉन्टचं.